बसलेली रिम आणि बसल्यासारखी रिम

नागपूरजवळच्या शिवमडक्याहून समृद्धी महामार्गाला लागलेली २००६ सालची स्विफ्ट शिर्डीला पोहोचते, तेव्हा तिच्या प्रत्येक चाकाने सुमारे दोन लाख सदुसष्ट हजार फेरे घेतलेले असतात. ५२० किलोमीटरचं अंतर आणि टायरचा जेमतेम १.९५ मीटर घेर, एवढ्याच गणितातून हा आकडा निघतो. प्रत्येक फेऱ्यात रिमचा प्रत्येक भाग एकदा गाडीच्या वजनाखाली येतो, डोळ्यांना कळणार नाही इतका वाकतो आणि पुन्हा सरळ होतो. ताशी १२० किलोमीटर या तिथल्या कमाल वेगाला हे सेकंदाला सतरा वेळा घडतं. आणि हा सगळा कारभार चार नटांच्या भरवशावर चालतो.

जुन्या हॅचबॅकवर रिम बदलायची वेळ कधी ना कधी येतेच. पावसाळ्यानंतरच्या खड्ड्यात कड वाकते, टायरच्या बैठकीवर गंज चढून हवा झिरपू लागते, किंवा चौथ्यांदा ठोकून सरळ केलेल्या रिमला मेकॅनिक हात लावायला तयार होत नाही. नागपुरात एक कारण जास्तीचं आहे. इथले बरेच रस्ते आता सिमेंटचे झाले, पण सिमेंटचा काठ आणि त्याला लागून बसवलेले गट्टू यांची पातळी ठिकठिकाणी जुळत नाही. गाडी कडेला घेताना रिमचा ओठ नेमका तिथे आपटतो. मग मालक टायरच्या दुकानात जातो. दुकानदार विचारतो, ‘कितीची?’ मालक सांगतो, ‘चौदाची.’ घोटाळ्याला इथूनच सुरुवात होते.

कारण चौदा इंच हा आकडा टायर आणि रिम यांच्यातला आहे. रिम आणि गाडी यांच्याबद्दल तो काहीही सांगत नाही. गंमत म्हणजे तो आकडाही तंतोतंत नाही. चौदा इंच म्हणजे ३५५.६ मिलिमीटर, प्रत्यक्षात मोटारीच्या चौदा इंची रिमची टायर बसण्याची जागा प्रमाणानुसार ३५४.८ मिलिमीटर व्यासाची असते. या व्यवसायात पाऊण मिलिमीटरचाही हिशेब ठेवलेला असतो, आणि आपण मात्र ‘चौदाची द्या’ म्हणून मोकळे होतो.

गाडीशी जुळवायचा पहिला आकडा म्हणजे नटांच्या भोकांच्या मध्यांतून जाणाऱ्या काल्पनिक वर्तुळाचा व्यास. दुकानात त्याला पीसीडी म्हणतात. पहिल्या स्विफ्टमध्ये तो १०० मिलिमीटर आणि भोकं चार, म्हणून लिहायची पद्धत ४×१००. टाटा इंडिका ४×१००. ह्युंदाई सँट्रो ४×१००. पण स्विफ्टच्याच कंपनीची मारुती ८०० आणि जुनी झेन घ्या, त्यांचा आकडा ४×११४.३. हा विचित्र अपूर्णांक इंचात मोजला की सरळ साडेचार होतो. फोर्डच्या आयकॉन आणि फिगोचा आकडा ४×१०८. फोक्सवॅगन पोलोला भोकं पाच, आकडा ५×१००. म्हणजे वर्तुळ स्विफ्टएवढंच असूनही एका नटापलीकडे दुसरा जुळणार नाही.

हे फरक ढोबळ आहेत, रिम लागतच नाही, म्हणून त्यातून अपघात होत नाहीत. भीती खरी आहे ती फियाट पॅलिओसारख्या गाडीची. तिचा आकडा ४×९८. शंभर आणि अठ्ठ्याण्णव. याच पॅलिओची १.३ लिटर मल्टिजेट डिझेल आवृत्ती आपल्याकडे आली, आणि त्याच घराण्याचं इंजिन स्विफ्ट डिझेल आणि इंडिका व्हिस्टा यांतही बसलं. त्या काळात फियाट आणि टाटा यांची भागीदारी असल्याने पॅलिओ आणि इंडिका एकाच शोरूममध्ये शेजारी उभ्या राहत. इंजिन एका कुळाचं, दुकान एक, आणि चाकाच्या वर्तुळात दोन मिलिमीटरचं अंतर. शंभरची रिम अठ्ठ्याण्णवच्या हबवर, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या भागावर, ढकलली तर ती लागते. प्रत्येक बोल्ट आपापल्या भोकात मध्यापासून एक मिलिमीटर सरकून तिरका चढतो, पाना फिरवताना थोडा जोर लागतो, आणि रिम बसल्यासारखी दिसते. तिरक्या चढलेल्या बोल्टवर मग प्रत्येक फेऱ्याला वाकण्याचा ताण येतो. धातूला एकदाच येणाऱ्या मोठ्या ताणापेक्षा लाखो वेळा येणारा मध्यम ताण जास्त घातक असतो. शिर्डीचे दोन लाख सदुसष्ट हजार फेरे इथे आठवावेत.

पीसीडी घरी मोजता येतो. चार भोकांच्या रिमवर एका भोकाच्या डाव्या कडेपासून समोरच्या भोकाच्या डाव्याच कडेपर्यंत मोजलं की मध्य शोधत बसावं लागत नाही. पाच भोकांना समोरासमोर जोडी नसते; तिथे शेजारच्या दोन भोकांच्या मध्यांतलं अंतर घेऊन त्याला १.७०१ ने गुणायचं. मात्र ९८ आणि १०० यांतला फरक शिवणकामाच्या टेपने कळत नाही. त्याला व्हर्निअर कॅलिपर हवा.

दुसरा आकडा रिमच्या मधल्या मोठ्या भोकाचा, म्हणजे सेंटर बोअरचा. बहुतेक लोक ते भोक झाकण लावण्यासाठी आहे असं समजतात. हबचा बाहेर आलेला गोल ओठ त्या भोकात घट्ट बसतो आणि चाक आपोआप मध्यावर येतं, हे त्याचं खरं काम. स्विफ्टचा हब ५४.१ मिलिमीटरचा, सँट्रोचाही तेवढाच, होंडाच्या लहान गाड्यांचा ५६.१. तेव्हा होंडाची सुंदर अलॉय रिम स्विफ्टला लावली तर पीसीडी जुळतो, पण मधल्या भोकात चहूबाजूंनी एकेक मिलिमीटर मोकळी जागा राहते. उलट, स्विफ्टची रिम होंडाच्या हबवर बसतच नाही.

एक मिलिमीटरने काय होतं? टायरसह चाकाचं वजन पंधरा किलो धरा आणि ते मध्यापासून मिलिमीटरभर सरकलंय असं समजा. ताशी १२० ला हे चाक हबला सुमारे पावणेअठरा किलो वजनाइतक्या जोराने, सेकंदाला सतरा वेळा, आळीपाळीने सगळ्या दिशांना ओढतं. चालकाला ते स्टेअरिंगच्या थरथरीतून जाणवतं. तो बॅलन्सिंग करून घेतो. यंत्रावर चाक मधल्या शंकूवर नेमकं बसतं, त्यामुळे यंत्र शून्य दाखवतं. गाडीवर लावलं की थरथर परत हजर. यावर उपाय स्वस्त आहे. बाहेरून ५६.१ आणि आतून ५४.१ मापाचं कडं मिळतं, त्याला हब रिंग म्हणतात. अनेक बाजारी अलॉय रिमांचा बोअर मुद्दाम मोठा ठेवलेला असतो, जेणेकरून एकच साचा दहा गाड्यांना विकता यावा. अशा रिमसोबत रिंग मागून घ्यायची असते, आणि दुकानदार ती आपणहून देईलच असं नाही.

आता नटांकडे, कारण या विषयातलं खरं आश्चर्य तिथे आहे. गाडीचं वजन नटांवर टांगलेलं असतं असं आपल्याला वाटतं. तसं नसतं. बारा मिलिमीटरचा नट साधारण शंभर न्यूटन-मीटर पिळाने आवळला की स्टडमध्ये, म्हणजे नट ज्यावर चढतो त्या आटेदार दांड्यात, सुमारे चार टनांचा ताण निर्माण होतो. म्हणजे चार नट मिळून रिमला हबवर सोळा-सतरा टनांनी दाबून धरतात, एका टनाच्या गाडीला. त्या दाबामुळे रिमची पाठ आणि हबचं तोंड यांच्यात इतकं घर्षण होतं की ब्रेकचा, वळणाचा आणि वजनाचा सगळा जोर त्या सपाट जागेतूनच जातो. स्टडवर आडवा घाव बसू नये हाच त्या रचनेचा हेतू. म्हणून हबवरचा गंज खरवडून न काढता रिम चढवणं, किंवा जुनी रिम रंगवताना तिच्या पाठीवर रंगाचा जाड थर देणं, ही दिसायला किरकोळ पण वाईट गोष्ट आहे. रंग दबतो, थर पातळ होतो, आणि तेवढ्याने नटाचा ताण निम्म्यावर येऊ शकतो. नवी रिम लावल्यावर पन्नास-शंभर किलोमीटरनंतर नट पुन्हा तपासायला सांगतात ते यासाठीच. नट एकाआड एक, समोरासमोर आवळायचे, आणि शेवटचा पिळ टॉर्क पान्याने द्यायचा. नेमका किती ते गाडीच्या पुस्तिकेत असतं. एअर गनने कर्रकर्र आवळून देणारा माणूस मदतच करत असतो, पण त्याच्या हातून स्टड गरजेपेक्षा कितीतरी जास्त ताणला गेला तर बाहेरून काहीच दिसत नाही.

नटाचे आटेही जुळावे लागतात. मारुतीच्या स्टडवर दोन आट्यांतलं अंतर सव्वा मिलिमीटर, होंडा आणि ह्युंदाईच्या स्टडवर दीड. व्यास दोन्हींचा बाराच. त्यामुळे चुकीचा नट दोन-तीन आटे चढतो, मग जड जातो, आणि जोर लावला की आटे खाऊन टाकतो. शिवाय नट रिमला जिथे टेकतो ती बैठक दोन तऱ्हांची असते. बहुतेक गाड्यांत ती साठ अंशांच्या शंकूची, तर होंडाच्या मूळ रिममध्ये चेंडूसारख्या गोलाईची. गोल बैठकीत शंकूचा नट फक्त एका बारीक रेषेवर टेकतो. आधी सांगितलेला चार टनांचा दाब मग त्या रेषेवर येतो.

ऑफसेट समजायला थोडं अवघड, पण घोटाळे यातच जास्त होतात. रिमच्या रुंदीचा बरोबर मध्य आणि हबला टेकणारी तिची पाठ यांतलं अंतर म्हणजे ऑफसेट. रिमवर तो ईटी ४५, ईटी ३८ असा कोरलेला असतो. पुढच्या चाकांनी चालणाऱ्या लहान गाड्यांत तो साधारण ३५ ते ५० असतो, म्हणजे रिमची पाठ बाहेरच्या बाजूला सरकलेली आणि चाकाचा बराचसा भाग गाडीच्या आत गेलेला. आता समजा मूळ रिम पाच इंच रुंद, ईटी ४५ आहे आणि तुम्ही सहा इंच रुंद, ईटी ३८ घेतली. रुंदी दोन्ही बाजूंना १२.७ मिलिमीटर वाढली, आणि मध्य बाहेर सात मिलिमीटर सरकला. चाकाची बाहेरची कड जवळजवळ वीस मिलिमीटर बाहेर आली, आतली कड सहा मिलिमीटरच्या आसपास आत गेली. एकट्याने चालवताना काहीच कळत नाही. रामटेकला जाताना मागे तिघं बसले, डिकी भरली, की मागचा टायर मडगार्डच्या ओठाला घासू लागतो. पुढच्या बाजूला बेअरिंगवरचा तरफेचा जोर वाढतो आणि खड्ड्यात स्टेअरिंग हातातून ओढलं जातं. बाहेर आलेलं चाक दिसतं मात्र रुबाबदार, हे कबूल करायला हवं.

जुन्या रिमवरचा आकडा गंजाने गेला असेल तर तो मोजून काढता येतो. टायर नसलेली रिम पालथी ठेवायची, कडांवर सरळ पट्टी आडवी टाकायची, पट्टीपासून पाठीपर्यंतची खोली मोजायची आणि त्यातून रिमच्या एकूण रुंदीचा निम्मा भाग वजा करायचा. एकूण रुंदी म्हणताना दोन्ही ओठ धरायचे. पाच इंची रिम कडेपासून कडेपर्यंत पाचाऐवजी सहा इंचांच्या जवळ भरते.

मोठी रिम घ्यायची हौस असेल तर टायरचा एकूण व्यास जवळपास तोच ठेवावा लागतो. हे गणित कागदावर दोन मिनिटांत होतं. स्विफ्टच्या १६५/८० आर १४ टायरचा व्यास ६१९.६ मिलिमीटर. १८५/६५ आर १५ घेतला तर ६२१.५, फरक नगण्य. १९५/५० आर १६ घेतला तर ६०१.४, म्हणजे गाडी नऊ मिलिमीटर खाली बसली, आणि टायरची भिंत १३२ वरून साडेसत्त्याण्णव मिलिमीटरवर आली. गट्टूच्या काठावर रिम वाचवणारं रबर तेवढं कमी झालं. नागपूरच्या रस्त्यांवर मी स्विफ्टला पंधराच्या पुढे जाणार नाही.

‘बारा इंच’ म्हणणाऱ्या दोन गाड्याही सारख्या नसतात. मारुती ८०० चा टायर १४५/७० आर १२, अल्टोचा १४५/८० आर १२. दोघींना तेरा इंची रिमवर १५५/६५ आर १३ घालायचा म्हटलं तर अल्टोचा व्यास एक टक्क्याहूनही कमी घटतो आणि सगळं ठीक चालतं. ८०० चा मात्र पावणेपाच टक्क्यांनी वाढतो: वेगदर्शक शंभर दाखवत असताना गाडी एकशे पावणेपाचने पळत असते, आणि ७९६ सीसीच्या इंजिनाला पहिल्या गिअरमध्ये उगीच धाप लागते. त्यात आणखी एक मौज. १५५/६५ आर १३ चा भारांक सहसा ७३, म्हणजे एका टायरला ३६५ किलो. १४५/८० आर १२ चा ७४, म्हणजे ३७५ किलो. दिसायला मोठा टायर दहा किलो कमी पेलतो.

ट्यूबवाल्या काळातल्या रिमांबद्दल एक सावधगिरी. रिमचा छेद पाहिला तर मध्ये एक खोल खाच दिसते. टायरच्या काठातली पोलादी तार ताणली जात नाही, तरी तो टायर आपल्या बैठकीपेक्षा मोठ्या ओठावरून आत जातो, कारण एका बाजूचा काठ त्या खाचेत ढकलून दुसऱ्या बाजूला जागा मिळवली जाते. पंक्चरवाला रोज हे भूमितीचं कोडं सोडवतो. ट्यूबलेस रिममध्ये याखेरीज बैठकीच्या आतल्या बाजूला एक बारीक उंचवटा असतो. हवा कमी झालेली असताना वळणावर टायरचा काठ खाचेत घसरू नये म्हणून. जुन्या ट्यूबच्या रिमला हा उंचवटा नसू शकतो. तिच्यावर ट्यूबलेस टायर चढवून वॉल्व्ह बदलला की हवा राहते, पण अडवणारं काही नसतं. भंगारातून रिम घेताना बैठकीवर बोट फिरवून हे पाहावं.

लोखंडी की अलॉय, हा प्रश्न नागपुरात विचारावा असाच आहे. पोलादात मँगनीज लागतंच, आणि मँगनीज खणणाऱ्या मॉइल या सरकारी कंपनीचं मुख्यालय याच शहरात आहे. तिच्या खाणी मनसर, कांद्री, गुमगाव अशा जवळच्याच गावांत. दुसरीकडे, अमरावती रोडवर वाडीला जवाहरलाल नेहरू अ‍ॅल्युमिनियम संशोधन, विकास व आरेखन केंद्र आहे. केंद्र सरकारच्या खाण मंत्रालयाने संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमासोबत १९८९ साली ते उभारलं. दोन्ही प्रकारच्या रिमांचा धातू जाणणारी माणसं या शहरात आहेत.

लोखंडी रिम, जिला दुकानात नुसतं डिस्क म्हणतात, पत्र्याच्या दोन भागांची असते. पट्टी गोल वळवून, जोडून, लाटून बाहेरचं कडं होतं. दाबून घडवलेली तबकडी त्यात वेल्ड होते. मार बसला की ती वाकते. अलॉय रिम बहुधा ए-३५६ नावाच्या मिश्रधातूची ओतलेली असते: अ‍ॅल्युमिनियम, सुमारे सात टक्के सिलिकॉन आणि चिमूटभर मॅग्नेशियम. नुसतं ओतून ताकद येत नाही. रिम सुमारे ५४० अंशांवर काही तास ठेवायची, पाण्यात झटक्यात थंड करायची, मग दीडशे-पावणेदोनशे अंशांवर पुन्हा भाजायची. यातून धातूच्या आत मॅग्नेशियम-सिलिकॉनचे अतिसूक्ष्म कण तयार होतात आणि तेच तिला कणखर करतात. म्हणूनच तडकलेली अलॉय रिम वेल्ड करून वापरू नये. वेल्डच्या धगीने आजूबाजूचे कण विरघळतात किंवा वाढतात, आणि गुळगुळीत पॉलिशखाली मऊ धातूचा पट्टा उरतो. शहरोशहरी हे काम सर्रास होतं. करणाऱ्याचा हात कितीही साफ असो, ती भट्टी त्याच्याकडे नसते.

अलॉय हलकीच असते हाही एक समज आहे. १९२४ साली बुगाटीने टाइप ३५ या शर्यतीच्या गाडीला अ‍ॅल्युमिनियमची ओतीव चाकं लावली ती वजनाच्या विचाराने. स्वस्त बाजारी अलॉय मात्र ताकद भरून काढण्यासाठी जाड ओततात, आणि तीच रिम एक इंच मोठी घेतली तर ती मूळ डिस्कपेक्षा जड भरू शकते. वजनकाटा दुकानात असतोच. रिम त्यावर ठेवायला सांगावी.

खुणांवरून बरंच कळतं. जपानी प्रमाणाची जेडब्ल्यूएल ही खूण असलेल्या रचनेने वाकण्याची, ड्रमवर फिरवण्याची आणि तेरा अंशांत तिरकी धरून वरून वजन आपटण्याची परीक्षा दिलेली असावी लागते. आपल्याकडे केंद्र सरकारने २०२० मध्ये वाहनांच्या रिमसाठी गुणवत्ता नियंत्रण आदेश काढला, त्यामुळे आयएसआय चिन्ह बघावं. कोरलेला कमाल भारही वाचावा. काहीच कोरलेलं नसेल तर किंमत कितीही कमी असो, ती रिम ठेवून द्यावी. पुण्याजवळ शिक्रापूरला एन्काय या जपानी कंपनीचा रिमांचा कारखाना आहे, आणि मूळ कंपनीच्या जुन्या अलॉयही बाजारात फिरत असतात. नव्या निनावी रिमपेक्षा ओळखीची जुनी रिम मला बरी वाटते. अशी रिम टायर न घालता बॅलन्सिंगच्या यंत्रावर फिरवून पाहायची. ती ‘आऊट’ असेल तर कड वर-खाली नाचताना डोळ्यांना दिसते. नटांच्या भोकांभोवती आणि आऱ्यांच्या मुळाशी केसासारखी रेघ आहे का ते उजेडात बघायचं, आणि पाठीवर भोकं मोठी केल्याच्या किंवा नवी पाडल्याच्या खुणा आहेत का तेही. ९८ ची १०० करणारे कारागीर अस्तित्वात आहेत.

कायद्याचं थोडक्यात. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ नुसार वाहनात नोंदणीशी विसंगत बदल करता येत नाहीत, आणि पंधरा वर्षांनी नोंदणी एमएच ३१ ची असो वा ४९ ची, गाडी पुन्हा तपासणीला न्यावीच लागते. मडगार्डच्या बाहेर आलेली चाकं तिथे प्रश्न उभे करतात. मूळ मापाच्या किंवा त्याच मॉडेलच्या वरच्या आवृत्तीला कंपनीने दिलेल्या मापाच्या रिमने ही वेळच येत नाही.

चारही रिम बदलून झाल्या की डिकीतली स्टेपनी विसरली जाते. ती जुनी लोखंडीच असते. नव्या अलॉयची बैठक जाड, म्हणून तिचे नट वेगळ्या लांबीचे, कधी वेगळ्या बैठकीचेही. ते पातळ डिस्कवर नीट टेकत नाहीत. बोल्टवाल्या गाड्यांत तर लांब बोल्ट आतल्या ब्रेकच्या भागांपर्यंत पोहोचू शकतो. तेव्हा मूळ नट दुकानात सोडून यायचे नाहीत. स्टेपनीला लागतील तेवढे जॅकच्या पिशवीत टाकून ठेवायचे, आणि हब रिंग घातली असेल तर स्टेपनी चढवण्याआधी ती हबवर अडकून राहिली नाही ना, हे बघायचं. राहिली तर डिस्कची पाठ हबला टेकणारच नाही.